एका नंबरावर चौदा जण

हे लिहायचं जवळजवळ राहूनच गेलं होतं. मोबाइलवर दोनदा टाइप केलं, दोनदा पुसलं. कारण ह्यात मारामारी आहे, आणि मारणारे नि मार खाणारे सगळे एकाच पातेल्यातलं जेवलेले. घरची धुणी चव्हाट्यावर कशाला, असं वाटायचं. पण आता ही गोष्ट चार ठिकाणी चार तऱ्हेने फिरायला लागली आहे. कोणी म्हणतं पोरगा माजला, कोणी म्हणतं त्याने मामाचं घर फोडलं. घर फोडलं हे खरंय. का फोडलं ते सांगतो.

भाचा पाडकामाच्या टोळीत होता. जुनी बिल्डिंग रिकामी झाली की हे आत शिरायचे आणि घण, पहार, ब्रेकर घेऊन तिचा राडारोडा करून बाहेर यायचे. टोळीचा मुकादम त्याचा सख्खा मामा, म्हणून सगळे त्याला भाचाच म्हणायचे. ह्या परक्या देशात त्याला आणलं मामाने. तिकीट मामाचं, फ्लॅट मामाचा, कांदा चिरायची सुरीसुद्धा मामाची. फ्लॅटमध्ये कामाची चौदा माणसं, त्यांना दोन खोल्या आणि एक बाथरूम. मामाची खोली वेगळी, कायम कुलूपबंद. तिच्यात भिंतीला बोल्ट मारून बसवलेलं लोखंडी कपाट, आणि कपाटात सगळ्यांचे पासपोर्ट. "हरवाल गाढवांनो," असं म्हणून मामाने विमानतळावरच गोळा केले होते. नंतर कोणी मागितले नाहीत. आपल्याच माणसाकडे आपला पासपोर्ट मागायचा म्हणजे त्याच्या तोंडावर 'तुझा भरवसा नाही' म्हटल्यासारखं. तेवढं निर्लज्ज व्हायला कोणाला जमलं नाही.

त्या देशात काम करायचं तर टॅक्सचा नंबर लागतो. बाहेरून आलेल्या माणसाने पासपोर्ट घेऊन ऑफिसात जायचं, ते चेहऱ्याचा फोटो काढतात, चार प्रश्न विचारतात आणि नंबर देतात. पुढे कामाचे तास, पगार, विमा, सगळं त्या नंबरावर चढतं. चौदा जणांत मामाने फक्त एकाला नेऊन नंबर काढून दिला. तो उंट. लांब मान, लांब पाय, आणि चालताना सगळं अंग चार दिशांना. बाकीच्यांना मामा म्हणाला, "एका घरात विजेचा मीटर एकच असतो ना? तसा आपल्याला एक नंबर बास." तीन साइटवरचं सगळं काम मग उंटाच्या नावावर चढायला लागलं.

लोकांना ह्यात वावगं काही वाटलं नाही. उलट बरं वाटायचं, आपण सगळे एका कुटुंबातले म्हणून. जेवताना चेष्टा चालायची.

"काय उंटा, आज तुझ्या नावाने मी अख्खा जिना पाडला. पाठ तुझी दुखतेय ना?"

"दुखतेय रे. उद्या तुझ्या नावाने झोपतो."

मग एका सोमवारी टॅक्स ऑफिसने उंटाला बोलावलं. एकटा जायला घाबरला, म्हणून भाच्याला सोबत घेऊन गेला. काउंटरवर एक बाई होती, केस आखूड, चष्मा नाकाच्या टोकावर. तिने स्क्रीन ह्या दोघांकडे वळवली.

"एकाच दिवशी, एकाच वेळी, तुम्ही तीन ठिकाणी भिंती पाडताय. कसं जमतं?"

उंट म्हणाला, "बाई, मला एका ठिकाणीच जमत नाही."

बाई हसली नाही. तिने सावकाश समजावून सांगितलं. खरं काम ज्यांनी केलं त्यांनी इथे यायचं, स्वतःचा नंबर काढायचा, आणि हे तास माझे म्हणून सही करायची. शुक्रवारी ऑफिस बंद व्हायच्या आत कोणी आलं नाही, तर सगळी फसवणूक उंटाच्या नावावर लागणार. आधी तुरुंग, मग परतीचं विमान.

त्या संध्याकाळी उंटाने फ्लॅटमध्ये सगळ्यांसमोर हात जोडले. म्हणाला, दोघं या, तिघं या, पण या. कोणी जमिनीकडे बघत होतं, कोणी मोबाइलकडे. मामा दारात उभा राहून ऐकत होता.

"जा ना," मामा म्हणाला. "कोणाला जायचंय त्याने जा. नंबर ज्याचा त्याचा झाला की माणूस ज्याचा तो झाला. मग आजारी पडलात, काम सुटलं, तर माझ्या दारात यायचं नाही."

"मामा, मी आत जाईन," उंट म्हणाला.

"जाशील. वर्षभर. तुझ्या घरी पैसे जातील, मी बघतो."

उंटाची मान खाली होती ती वर आली. म्हणाला, "मग मी बाईला सांगतो, हे कोणी केलं ते."

मामा चिडला नाही, ओरडला नाही. "सांग," म्हणाला आणि खोलीत गेला. त्याच्या मागोमाग बैल गेला. बैल म्हणजे मामाचा उजवा हात, मान आणि खांदे एकच, बोलणं कमी. दार लागलं.

बुधवारी उंटावर भिंत पडली.

तो वरून विटा सुट्या करत होता, पद्धतीप्रमाणे, एकेक थर. भिंत त्याच्याकडे झुकली आणि आवाज यायच्या आत त्याच्या अंगावर होती. भाचा धावला. हातांनी विटा उपसल्या, नखं उलटी झाली. खाली उंटाचं तोंड सापडलं, धुळीने पांढरंफटक, त्यात एक लाल भोक, त्यातून घरघर. कंबर मोडली होती, डावा हात कोपरातून उलटा झाला होता. त्याला स्ट्रेचरवर घालून नेल्यावर भाच्याने भिंतीचं बूड बघितलं. सगळ्यात खालचा थर मागच्या बाजूने छिन्नी लावून काढून घेतला होता. विटा नीट एकावर एक रचलेल्या होत्या. भिंत कुठे पाडायची ते असंच ठरवतात. बुडातून कापलेली भिंत स्वतःहून पडत नाही, ती पाडलेली असते. बैल पलीकडे उभा राहून बाटलीने हातावर पाणी घेत होता. भाच्याकडे बघून त्याने हात झटकले.

हॉस्पिटलात भाच्याला विचारलं, पेशंटला कुठल्या साइटवर लागलं? कागदावर त्या वेळी उंट तीन ठिकाणी होता. भाच्याला एकदम हसू फुटलं, आणि मग त्याला भिंतीला टेकून बसावं लागलं.

दोन दिवस तो मामाच्या मागे होता. "माझा पासपोर्ट दे." पहिल्यांदा मामा म्हणाला, "उद्या." दुसऱ्यांदा म्हणाला, "खाल्ल्या घरचे वासे मोजतोस?" तिसऱ्यांदा बैलाने भाच्याची मान पकडून त्याचं तोंड भाताच्या गरम पातेल्यावर धरलं, वाफेत, मामा पोळी मोडत असताना. मामा म्हणाला, "सोड रे, बहिणीचा आहे." बैलाने सोडलं.

शुक्रवारी सगळे कामावर गेले. भाचा पोट धरून अंथरुणात पडून राहिला. जिन्यावरचे पाय वाजायचे थांबले तसा उठला. मामाच्या दाराला दोन कुलपं होती, दार जाड होतं. भाच्याने दाराकडे बघितलंसुद्धा नाही, कामाची हातोडी नि पहार घेऊन बाथरूममध्ये शिरला. दोन वर्षं तो हेच शिकला होता, की दार फोडायला वेळ जातो आणि भिंतीला जात नाही. बाथरूमची भिंत आणि मामाच्या खोलीची भिंत एकच होती, अर्ध्या विटेची. कपाट नेमकं तिथे टेकवलेलं. आणि लोखंडी कपाट पुढून कितीही दणकट असो, त्याची पाठ पत्र्याची असते.

हातोडीच्या पहिल्या घावाला टाइल्स उडाल्या. एक तुकडा भुवईत घुसला. त्याने तो उपटला आणि दुसरा घाव घातला. विटा फुटल्या, पत्रा दिसला. पहारीचं टोक पत्र्यात घातलं, अंगाचा भार टाकला. पत्रा किंचाळल्यासारखा फाटला. त्याने आत खांद्यापर्यंत हात घातला, चाचपलं. पत्र्याच्या धारेने दंड कापत होता ते त्याला नंतर कळलं. रबराने बांधलेला पासपोर्टचा जुडगा हाताला लागला. आपला शोधायला वेळ नव्हता. सगळाच ओढून शर्टात कोंबला.

खालच्या मजल्यावरच्या बाईने मात्र पहिल्या घावालाच मामाला फोन केला होता, की तुमच्याकडे काय भूकंप होतोय. साइट दोन गल्ल्या सोडून.

बैल आधी आला. बाथरूमच्या दारातून वाकून आत आला, भाच्याचे केस धरले आणि त्याचं तोंड वॉश बेसिनवर आपटलं. एकदा. पुढचा दात गेला. दुसऱ्यांदा. बेसिनच भिंतीतून निखळलं, पाइप तुटला, पाणी फवारायला लागलं. बैल त्याच्या छातीवर बसला आणि दोन्ही अंगठे त्याच्या गळ्यात रुतवले. भाच्याला पांढरं दिसायला लागलं. ओल्या फरशीवर त्याचा हात सरपटत होता. पहार लागली. उचलून मारायला जागा नव्हती. त्याने ती उभी धरली आणि बैलाच्या पावलावर सोडली, वर जोर देऊन. बूट फुटला, आतलंही फुटलं. बैलाच्या तोंडातून जो आवाज आला तो माणसाचा नव्हता. अंगठे सुटले. भाच्याने त्याला ढकललं आणि त्याचं डोकं कमोडच्या कडेवर ठेचलं, आणि परत ठेचलं, आणि थांबला, कारण बैल हलायचा थांबला होता. श्वास चालू होता. भाच्याने तेवढं बघितलं.

दारात मामा उभा होता. हातात घण.

"पासपोर्ट दे इकडे," मामा म्हणाला. आवाज रोजचाच. "तोंड धू. मग जेवायला बसू."

"उंटावर भिंत कोणी पाडली, मामा?"

"पाडकामात भिंती पडतात."

"बूड कापलं होतं."

मामाने एक सुस्कारा टाकला, पोराला किती समजवायचं असा. आणि घण उचलला. तो खराच मारणार होता. भाच्याने नंतर खूपदा आठवून बघितलं, मामा थांबला असता का, आणि उत्तर दर वेळी एकच आलं. घण कानाजवळून गेला, भिंतीत बसला. ओल्या टाइल्सवर मामाचा पाय सरकला. भाच्याच्या हातात तोवर हातोडी आली होती, आखूड दांड्याची. त्याने ती मामाच्या गुडघ्यावर बाजूने मारली. सुकलेली फांदी मोडावी तसा आवाज झाला आणि मामाचा पाय जिकडे वळत नाही तिकडे वळला.

"मामा," भाचा म्हणाला. सवयीने. लहानपणापासून कोणी पडलं की हाच शब्द तोंडात यायचा.

मामा खाली पडून ओठ चावत होता. "आईला काय सांगशील?" एवढंच बोलला.

दारात तोच आडवा पडलेला. माणसाला ओलांडू नये, त्याची वाढ खुंटते म्हणतात. भाचा मामाला ओलांडून बाहेर पडला. जिन्यावरून त्याने अँब्युलन्सला फोन केला, पत्ता सांगितला, दोन माणसं आहेत म्हणाला, आणि पळत सुटला.

टॅक्स ऑफिसच्या दारावर पहारेकऱ्याने त्याला अडवलं. "दवाखाना पलीकडे आहे."

"मला नंबर पाहिजे."

"टोकन ह्या मशीनमधून." पहारेकऱ्याने तेवढं सांगितलं आणि बाजूला जाऊन फोन काढला.

टोकन रक्ताने चिकट झालं. बाकड्यावर त्याच्या शेजारी बसलेली माणसं उठून लांब गेली, त्यामुळे बसायला ऐसपैस जागा झाली. त्याचा आकडा लागला. बाईने चष्म्यावरून बघितलं. त्याच्याकडे, शर्टाकडे, दंडावरून टपकणाऱ्या धारेकडे.

"उंच माणसाबरोबर आला होतात."

"हो. माझे तास त्याच्या नावावर आहेत. मला माझ्या नावावर पाहिजेत."

तिने पासपोर्ट घेतला, विटेची धूळ फुंकली. कॅमेऱ्यासमोर बसवलं. मशीनने फोटो काढला, पासपोर्टमधल्या चेहऱ्याशी ताडून बघितला आणि लाल झालं. पुन्हा काढला. पुन्हा लाल. डावा डोळा बंद झाला होता, ओठ भज्याएवढा, नाक एका गालाला चिकटलेलं.

"हे मशीन म्हणतंय तुम्ही हे नाही," बाई म्हणाली.

"मशीनला सांगा, कालपर्यंत होतो."

"बोटांचे ठसे?"

त्याने हात पुढे केले. विटा उपसून आणि सिमेंटने सगळी बोटं घासून गुळगुळीत, वर नखं उलटलेली. मशीनने दहाच्या दहा नाकारली.

"सूज उतरल्यावर या."

"आज शुक्रवार आहे, बाई."

बाई उठून आत गेली. त्याला वाटलं, संपलं. उंट गेला. ती परत आली तेव्हा तिच्या हातात नॅपकिनमध्ये बांधलेला बर्फ होता, त्यांच्या चहाच्या खोलीतल्या फ्रीजमधला. "डोळ्यावर धरा. तिथे बसा. दर थोड्या वेळाने फोटो काढून बघू. मला सोमवारी हीच फाइल परत उघडायची नाही."

तो बर्फ धरून बसला. वितळलेलं पाणी गुलाबी होऊन बाहीत जात होतं. तेवढ्यात आईचा फोन आला. तिकडे बातमी पोचली होती.

"माझ्या भावाला मारलंस?"

"हो."

"कुठे?"

"गुडघ्यावर."

"कुठला?"

"उजवा."

मग म्हणाली, "त्याच पायाने माझ्या सायकलला धक्का मारत शाळेपर्यंत यायचा, चढ लागला की."

"आई, त्याने उंटावर भिंत पाडली."

"ते मला नको सांगूस. मला आज नको सांगूस." फोन ठेवला तिने.

तिसऱ्या फोटोला लाल. चौथ्याला बाईने स्वतः उठून त्याची हनुवटी धरली, चांगल्या बाजूने वळवली, भुवईवरचं रक्त पुसलं. हिरवं झालं. बाकड्यावरच्या एका म्हाताऱ्याने हळूच टाळी वाजवली आणि मग इकडेतिकडे बघितलं.

प्रिंटरमधून कागद आला. वर त्याचं नाव, खाली नंबर. दोन वर्षांत पहिल्यांदा त्या देशात कुठेतरी त्याचं नाव लिहिलं गेलं होतं. त्याने वाचून बघितलं, बरोबर होतं. मग तासांच्या कागदावर सही केली, ती शाळेतल्या पोरासारखी आली.

"आता?" त्याने विचारलं. "उंट सुटला?"

बाईने स्क्रीन वळवली. "एक साइट गेली. अजून दोन ठिकाणी एकाच वेळी आहे तो."

भाच्याला ते कळायला वेळ लागला. एका माणसाने एवढंच होणार होतं. बाकीचे येईपर्यंत उंट दोन जागी भिंती पाडतच राहणार होता, मोडक्या कमरेने.

"एक आला म्हणजे बाकीचे आहेत हे सिद्ध झालं," बाई म्हणाली. "मी चौकशी चालू असं लिहिते. महिनाभर कोणी त्याला हात लावणार नाही. तेवढ्यात त्यांना आणा." आणि कागद सारखे करत म्हणाली, "तुमच्या तोंडाचं मी विचारत नाही. दारात जे उभे आहेत ते विचारतील."

दारात दोन पोलीस होते. टाके घालायला त्यांनी त्याला त्याच हॉस्पिटलात नेलं. एका हाताला बेडी, दुसऱ्या हाताला टाके. त्याने विनंती केली म्हणून त्यांनी त्याला हाडांच्या वॉर्डात पाच मिनिटं उंटाजवळ बसू दिलं. एक पोलीस पायथ्याशी उभा राहिला.

उंट प्लास्टरमध्ये होता, नुसती मान तेवढी बाहेर. त्याने भाच्याचं तोंड बघितलं.

"तुझ्यावर कुठली भिंत पडली?"

"नंबर मिळाला."

उंटाने डोळे मिटले. कडेने पाणी आलं, ते कानात गेलं, त्याला पुसता येईना. भाच्याने बेडीच्या हाताने पुसलं. मग राहिलेल्या दोन साइटचं सांगितलं. शर्टातला जुडगा काढून पोलिसाच्या देखत उंटाच्या उशीखाली सरकवला. पोलीस खिडकीकडे बघायला लागला.

"सगळ्यांचे आहेत," भाचा म्हणाला. "आता कोणाला कारण नाही. जे येणार नाहीत त्यांना ओढत आणतो. तंगडी मोडून आणतो."

पडद्यापलीकडे कोणीतरी कण्हलं. तो आवाज दोघांच्याही ओळखीचा होता. मामाला तिथेच आणून टाकलं होतं. भाच्याने पडद्याकडे बघितलं नाही, पण त्याचा आवाज खाली आला.

"नको," उंट म्हणाला.

"काय नको?"

"मारून आणलेला माणूस नको मला. सही करेल आणि मनात म्हणेल, ह्या उंटापायी मार खाल्ला. मी ह्याच लोकांच्यात झोपतो रे. आपल्या टोळीतला तो म्हातारा, ज्याला सगळे काका म्हणतात, तो घाबरट आहे. त्याच्याजवळ बस, चहा पाज, चार वेळा सांग. पाचव्यांदा सांग. पण हात उचलायचा नाही. कबूल कर."

"आणि बैल?"

"बैलाचे तासही माझ्याच नावावर आहेत."

कागदावर बघायला गेलं तर त्या बुधवारी बूड कापणारा पण उंटच होता.

"त्याने तुला मारायला बघितलं," भाचा म्हणाला. "मी आज त्याला जवळजवळ मारलाच होता."

"माहीत आहे. त्याला इथे आणलं तेव्हा खालून त्याचं ओरडणं ऐकलं मी. तरी."

पोलिसाने घड्याळाकडे बोट केलं. भाचा उठला. टाक्यांचा हात उंटाच्या प्लास्टरवर ठेवला, जिथे छाती असावी तिथे.

"सुटलो की आधी काकाकडे जातो," तो म्हणाला. "मग एकेकाकडे. कोणावर हात उचलणार नाही. शेवटी बैलाकडे जाईन, त्याच्या पायाशी बसून सांगेन. त्याने मारलं तर खाईन आणि दुसऱ्या दिवशी परत जाईन. तुझ्या नंबरावर तू एकटा राहीपर्यंत जात राहीन."